मामांनी अडवलेल्या फाइली

जगात विश्वास ठेवण्याजोगं काहीही नाही असं मानून त्याच जगात इतक्या आनंदाने राहणारा, माझ्या मामेसासऱ्यांसारखा माणूस सबंध सुरतेत सापडायचा नाही. ते बँकेत कॅशियर होते. बत्तीस वर्षं त्यांनी लोकांच्या नोटा उजेडाला धरून पाहिल्या. निवृत्त झाल्यावर नोटा सुटल्या, पण हात उजेडाकडे जायचा राहिला नाही. दुधाची पिशवी आली की तिच्यावरची तारीख स्वतः वाचायची, मग दूधवाल्याला मोठ्याने वाचायला लावायची. लग्नाची पत्रिका आली की तिच्यावरच्या नंबरावर फोन करून, "तुमच्याकडे खरोखर लग्न आहे ना?" असं विचारायचं. कुलूप तीनदा ओढून पाहायचं, जिना उतरायचा, पुन्हा चढून चौथ्यांदा ओढायचं. एकदा त्या ओढण्यानेच कुलूप हातात आलं, तर म्हणाले, "बघा, म्हणून पाहावं लागतं." दाराच्या भिंगातून माणूस लख्ख दिसत असला तरी "कोण?" हा प्रश्न चुकत नाही. मी एकदा भर उन्हाचा तीन मजले चढून गेलो. आतून आवाज आला, "कोण?" "मी." "मी कोण?" "जावई." "कोणाचे?" तेव्हा मात्र माझं डोकं फिरलं आणि मी अशा आवाजात उत्तर दिलं की शेजारची दोन दारं उघडली. मामांनी शांतपणे कडी काढली आणि म्हणाले, "खात्री पटली. इतकं दुसरं कोणी चिडत नाही."

माझा त्यांच्यावरचा राग जुना होता. माझ्या बायकोचे वडील लवकर गेले, तिला मामांनीच वाढवलं. तिच्यासाठी माझं स्थळ गेलं तेव्हा मी कडोदऱ्याच्या लूम्सच्या कारखान्यातली नोकरी सोडून नुकताच स्वतःच्या धंद्याला लागलो होतो. शिरपूरहून एक पिशवी घेऊन आलेला माणूस आपल्या पायावर उभा राहिला याचं मला फार अप्रूप होतं, आणि इतरांनाही असावं असं वाटत होतं. मामांनी माझी सगळी कागदपत्रं उजेडाला धरली, आणि कोणालाही न सांगता कडोदऱ्याला जाऊन माझ्या जुन्या मुकादमाला गाठलं. हातात वही, खिशात दोन पेनं, चष्म्यावरून रोखून पाहणं. मुकादमाला वाटलं, पोलीस. मला वाचवावं म्हणून त्या भल्या माणसाने, असा कोणी इथे कधी नव्हताच, असं छातीठोक सांगितलं. झालं! मामांनी स्थळ थांबवलं, मी तीन आठवडे अडकून पडलो. पुढे उलगडा झाला, लग्नही झालं, पण ते तीन आठवडे मी विसरलो नाही. मी भाव करणारा माणूस. कोणी मला खोटा माल समजून बाजूला ठेवलं, ही गोष्ट माझ्या पोटात बसली ती बसलीच.

वास्तविक त्यांचं संशय घेणं कसं असतं हे मला घरातच दिसत होतं. कोजागिरीच्या दुसऱ्या दिवशी, चांदी पडव्याला, सुरतेत घरोघरी घारी आणतात. तुपात बुडालेली ती गोल मिठाई समोर असताना माणसाला धीर धरवत नाही. पण मामांच्या घरी घारी आली की ते आधी तिचा वास घेत, मग एक तुकडा स्वतः खात आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे बघून जाहीर करत, "आधी मी खातो. अर्ध्या तासाने तुम्ही." मग सगळं घर त्यांच्याकडे बघत बसे. बायको सांगते, लहानपणी तिला त्या अर्ध्या तासात मामा मरतील या भीतीने रडू यायचं. मला मात्र इतकंच दिसायचं की पहिला तुकडा हेच पळवतात.

सुरतेच्याच पर्वत पाटिया भागात माझं कापडावर डिझाइन छापायचं छोटं युनिट आहे. व्यापारी, ज्यांना आम्ही पार्टी म्हणतो, साडीचं डिझाइन फाइल करून पाठवतात, आम्ही ती कॉम्प्युटरवर उतरवून नमुना छापतो. मामा निवृत्त झाले तेव्हा बायको म्हणाली, त्यांना युनिटवर बसवा, कॉम्प्युटर त्यांना येतो. ते आले, आणि पहिल्याच आठवड्यात म्हणाले, "जावईबापू, याला अँटीव्हायरस पाहिजे." मला हे नवीन होतं. त्यांनी समजावलं, "बाहेरून जी फाइल येईल तिला तो दारात थांबवून विचारतो, कोण?" मी मनात म्हटलं, म्हणजे तुम्हीच! तो बसवल्यापासून दोघांचं फार जमलं. पडद्यावर लाल चौकट आली की मामांचा चेहरा उजळायचा. एकदा त्याने पैठणी काठाचं अगदी निर्दोष डिझाइन अडवलं. मी ओरडलो, "मामा, मोर आहे तो, मोर!" तर म्हणतात, "मोर आहे हे तुम्हाला दिसतं. मोराच्या आत काय आहे?" मग पाठवणाऱ्याला फोन, खात्री, आणि दहा मिनिटांनी मोराची सुटका.

मागच्या वर्षी ऐन दिवाळीच्या तोंडावर एक मोठी पार्टी स्वतः युनिटवर आली. हा माणूस कोणाच्या दारात जात नाही. त्याचा नमुना पसंत पडला असता तर सगळ्या हंगामाचं काम माझ्याकडे येणार होतं. त्याच्या माणसाने डिझाइन पाठवलं. उतरायला लागलं, थांबलं. पुन्हा पाठवलं, पुन्हा थांबलं. तिसऱ्यांदा तर आलेली फाइल डोळ्यांदेखत नाहीशी झाली. पार्टी घड्याळ पाहू लागली. मामांनी आमच्या कॉम्प्युटरवाल्याला फोन लावला, थोडा वेळ नुसतं ऐकलं, "कोणी?" एवढंच विचारलं, आणि फोन कानाला तसाच ठेवून माझ्याकडे पाहिलं. मग फोन ठेवून म्हणाले, "चूक माझी आहे. सेटिंग माझ्याकडून राहिलं. जावईबापू, दहा मिनिटं द्या." दहाची पंचवीस झाली. पार्टी उठली. "रेहने दो शेठ, फिर कभी," म्हणाली, आणि जिना उतरून समोरच्याच युनिटमध्ये शिरली.

मी तेव्हा जे बोललो ते लिहायला आज हात धजत नाही, पण लिहितो. कारागिरांसमोर, शेजारचे दोन दुकानदार दारात उभे असताना, मी त्या सत्तरीच्या माणसाला म्हणालो, "आयुष्यभर लोकांच्या वाटा अडवल्या तुम्ही. माझीही अडवली होती. या युनिटमधला खरा व्हायरस तुम्हीच आहात." मामांनी कॉम्प्युटरवरचं काम पुरं केलं, चष्मा डबीत ठेवला, डबीचं झाकण दोनदा दाबून पाहिलं आणि पिशवी घेऊन गेले. त्या संध्याकाळी बायकोने एकदाच विचारलं, "मामाले काय बोलनात तुम्ही?" मी सांगितलं नाही. तिला कळलं होतंच. ती आठवडाभर माझ्याशी शुद्ध मराठीत बोलली. आमच्या घरी अहिराणी बंद झाली की समजावं, प्रकरण गंभीर आहे.

आणि दुसऱ्या दिवसापासून सगळ्या फाइली सुरळीत उतरू लागल्या! मी येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत सुटलो, "म्हातारा गेला आणि मशीन सुधारलं." वर्षभर सांगितलं.

या वर्षी अँटीव्हायरसची मुदत संपली म्हणून कॉम्प्युटरवाला आला. माझी सवय अशी की कुठलीही खरेदी असो, वर काहीतरी फुकट घेतल्याशिवाय मला चैन पडत नाही. साडीवर ब्लाउजपीस मागायचा, तसा मी म्हणालो, "भाव कमी करत नाहीस, तर मागच्या वेळेसारखा दुसरा एक अँटीव्हायरस वर टाकून दे." तो हसायला लागला. "शेठ, फिरसे? एक मशीनमां बे नहीं चलता. दो चौकीदार एक दरवाजे पे, दोनों एक-दूसरे को चोर समझते. पिछली बार इसी में तो तुम्हारा सब डाउनलोड अटका था."

मी खुर्चीत बसलो. मागच्या वर्षी, पार्टी यायच्या आदल्याच दिवशी, रविवारी मामा नसताना, मी घासाघीस करून तो दुसरा अँटीव्हायरस फुकटात बसवून घेतला होता, आणि मोठी बाजी मारल्याच्या आनंदात विसरूनही गेलो होतो.

"मामांना हे माहीत होतं?"

"मैंने ही तो फोन पे बताया. पूछा, किसने डलवाया? मैं बोला, शेठने. उसी टाइम उन्होंने दूसरावाला निकाल दिया. बाद में फोन करके बोले, जमाईराज को कहना मत."

म्हणजे कानाला फोन धरून त्यांनी माझ्याकडे पाहिलं ते यासाठी. पार्टीसमोर जावयाला खाली पाहावं लागू नये म्हणून ती चूक त्यांनी स्वतःच्या नावावर घेतली, आणि मग माझं बोलणं ऐकत ऐकत माझीच घाण काढून मशीन साफ करून गेले. वर्षभर मी ज्या साफ मशीनची फुशारकी मारली, ते साफ करणारा हात त्यांचा होता. मी त्या दिवशी कॉम्प्युटरवाल्याशी भाव केला नाही. तो घाबरला.

चांदी पडव्याला सकाळीच घारीचा डबा घेऊन मी तीन मजले चढलो. घंटा वाजवली आणि उत्तरं तयार ठेवली. मी. जावई. तुमच्या भाचीचा. पण आतून "कोण?" आलंच नाही. दार सरळ उघडलं. "या, या जावईबापू." इतक्या वर्षांत मला हेच हवं होतं, आणि आता ते मिळालं तर उंबऱ्यात पाय अडखळला. डबा त्यांनी उघडूनही पाहिला नाही. "तुम्ही आणलंय म्हणजे चांगलंच असणार," म्हणाले. परक्या पाहुण्याशी बोलतात तसं.

मी म्हटलं, "मामा, युनिटवर या परत."

"आता डोळे काम करत नाहीत."

"आठवड्यातून तीन दिवस." ते हसले. "बरं, दोन. मामा, एक दिवस. नुसतं येऊन बसा."

"पाहू," ते म्हणाले. बाजारात 'पाहू' म्हणून गेलेलं गिऱ्हाईक परत येत नाही, हे मला दुसऱ्या कोणी शिकवायला नको.

मग मी डबा ओढला, घारीचा एक तुकडा मोडला आणि म्हणालो, "आधी मी खातो. अर्ध्या तासाने तुम्ही."

मामांनी माझ्याकडे पाहिलं, मग भिंतीवरच्या घड्याळाकडे. आम्ही बसून राहिलो. मध्येच केव्हातरी मी खाली मान घालून म्हणालो, "तो दुसरा अँटीव्हायरस मीच घातला होता. आणि तुम्हाला जे बोललो ते..." अर्धा तास भरला तसा मी डबा त्यांच्यापुढे सरकवला. त्यांनी घारीचा वास घेतला, तुकडा उजेडाला धरला आणि परत ठेवला.

"हे घड्याळ पाच मिनिटं पुढे आहे, जावईबापू," ते म्हणाले. "अजून थोडं बसा."

घड्याळ पुढे असलं तरी त्याच्यावर मोजलेला अर्धा तास पुरा अर्धा तासच असतो. बत्तीस वर्षं बँकेत काढलेल्या माणसाला हे कळत नव्हतं थोडंच! मी हिशेबाला पक्का माणूस, पण काही बोललो नाही. बसलो.