स्टूल कुणी उंच केलं?

डेझमंड हिबर्ट जन्माचा संशयी. बायकोने, मॉरीनने, चहात साखर जरा जास्त घातली तरी "आता काय मागायचंय?" म्हणून विचारणारा. खाटकाच्या दुकानात कामाला होता, तिथे मालकापेक्षा त्याचीच नजर तराजूवर जास्त. ड्रमवर बसला की मात्र हा संशय कुठे जायचा कोण जाणे. इंग्लंडातल्या टॉडमॉर्डन गावच्या क्लबांत शनिवारी त्यांचा बँड वाजायचा. ध्रुवपद जवळ आलं की डेझमंडला राहवायचं नाही, हात आपोआप सुटायचे, आणि बाकीचे तिघे मागून धापा टाकत यायचे. गाववाले खूश.

मग लंडनच्या एका कंपनीने त्यांचा अल्बम काढायचं ठरवलं. मँचेस्टरच्या स्टुडिओत फेअरक्लॉफ नावाचे निर्माते काचेमागे बसले.

"हिबर्ट, तुला गाडी पकडायचीय का?"

"नाही साहेब."

"मग ध्रुवपद आलं की पळतोस कशाला?"

पुन्हा वाजवायचं, पुन्हा तेच. आणि एका शुक्रवारी साहेब अचानक गोड झाले. "छान. तुझं काम झालं. घरी जा, बायकोला भेट." डेझमंडच्या जिभेवर तो जास्त साखरेचा चहाच आला.

सोमवारी तो स्टुडिओतून आपले ड्रम आणायला गेला. सवयीने बसला, तर पाय लोंबकळले. स्टूल उंच केलेलं! डेझमंड बुटका, लग्नाआधीपासून त्या स्टुलाला कुणी हात लावलेला नव्हता. तो नेहमी सैल ठेवायचा ते झांजांचे पेचही घट्ट आवळलेले.

"नेव्हिल, माझ्या स्टुलावर कोण बसलं होतं?"

नेव्हिल त्यांचा गायक, शाळेपासूनचा दोस्त. तो एकाएकी गिटारवाल्याच्या गिटारच्या तारा पुसण्यात फार रमला. "झाडणारी बाई बसली असेल रे."

"ताडमाड आहे वाटतं बाई? नि झांजा आवळून गेली?"

"असते एकेकीला टापटिपीची हौस."

अल्बम आला. मागच्या बाजूला डेझमंडचं नाव, छापील, ठसठशीत. लंडनच्या पेपरात लिहून आलं की ड्रमवादक घड्याळासारखा अचूक आहे. दुकानात मालकाने ते गिऱ्हाइकांना वाचून दाखवलं. "घड्याळ म्हणे! मग कामावर उशिरा का येतं हे घड्याळ?" पबमध्ये लोक त्याला बिअर पाजू लागले. डेझमंड प्रत्येक पेला दुसऱ्या कुणाचा चुकून उचलल्यासारखा प्यायचा.

घरी तो रेकॉर्ड लावून कान देऊन बसला. पहिलं गाणं सरळ. दुसरं सरळ. तिसरं तर इस्त्री केलेलं.

"चांगलं वाजलंय की," मॉरीन म्हणाली.

"तेच तर!"

"अरे, सुधारला असशील तू."

"मॉरीन, मी कधी सुधारलोय?"

तिने रेकॉर्ड उलटली.

शेवटच्या गाण्यावर मात्र पेपरातला समीक्षक घसरला होता. 'इथे मात्र ड्रमवादक मागे कुत्रं लागल्यासारखा सुटतो.' ध्रुवपद जवळ आलं. डेझमंडने श्वास रोखला. आणि ड्रम सुटले, अगदी सैरावैरा!

"हा मी!" तो खुर्चीतून उडालाच. "मॉरीन, हा मीच गं!"

"आणि आधीची सगळी?"

तो खाली बसला.

नेव्हिल दुकानात सॉसेज घ्यायला आला तेव्हा डेझमंडने पुडकं हातातच धरून ठेवलं. "शेवटचं गाणं त्याने का नाही वाजवलं?"

"कोणी?"

"झाडणाऱ्या बाईने."

नेव्हिलने इकडेतिकडे पाहिलं. "लंडनहून बोलावलेल्या त्या ड्रमवाल्याला परतीची गाडी पकडायची होती, म्हणून ते तुझंच राहिलं," तो पुटपुटला. "फेअरक्लॉफ म्हणाला, तुला सांगायचं नाही. अरे, पण नाव तुझंच आहे ना वर?"

डेझमंडने पुडकं दिलं.

शनिवारी क्लबात पाय ठेवायला जागा नव्हती. नेव्हिल हळूच जवळ आला. "डेझ, आज रेकॉर्डसारखं वाजव बाबा. लोक ते ऐकून आलेत."

"कुठल्या गाण्यासारखं?" डेझमंडने विचारलं. उत्तराची वाट न बघता त्याने स्टूल खाली केलं, झांजांचे पेच सैल केले आणि काठ्या उचलल्या.

पहिल्याच ध्रुवपदाला नेव्हिलचे शब्द मागे राहिले. गिटारवाल्याने देवाचं नाव घेतलं. पण गावाला काही नवल वाटलं नाही. ते नेहमीसारखं पाय आपटत होतं.

वाजवून झाल्यावर दुकानाचा मालक पेला घेऊन आला. "आज तुझं घड्याळ फार पुढे गेलं होतं रे."

डेझमंडने त्याच्याकडे नीट निरखून पाहिलं. मग पेला घेतला आणि एका दमात रिकामा केला.