आमची मतं परत द्या

हातातला चहा आधी संपवा, मग सांगते. मागच्या वेळी हे सांगताना एकाच्या नाकातून चहा बाहेर आला होता, आणि तो नेमका माझ्या ओढणीवर.

तर माझी फजिती कशी झाली ते ऐका. पण एक अट आहे. शेवटी जिंकलो आम्हीच, हे विसरायचं नाही.

मी धामणगाव रेल्वे या गावची. म्हणजे जन्माने. पाचवीपासून दूर डोंगरातल्या बोर्डिंग शाळेत होते, पुढे दिल्लीत राज्यशास्त्र शिकले. परत आले ती देश बदलायचा आणि सुरुवात धामणगावापासून करायची, असं ठरवूनच. आई म्हणाली, सुरुवात तुझ्या कपाटापासून कर. पण आयांना कुठे राज्यशास्त्र कळतं?

देश बदलायची संधी शेजारीच सापडली. आमच्या नलूकाकूंचं झेंडू-शेवंतीचं शेत आहे. पहाटेच्या गाडीने त्यांच्या फुलांच्या टोपल्या नागपूरला जायच्या आणि गावातलेच रशीदचाचा तिथल्या बाजारात माल विकायचे. कित्येक वर्षांची ही दोघांची जोडी. लॉकडाउनमध्ये त्या गाडीचा धामणगावचा थांबा बंद झाला, तो परत सुरू झालाच नाही. गाडी रोज डोळ्यांदेखत धाडधाड निघून जायची. जीपने माल न्यावा तर कमाई भाड्यातच संपायची.

"दसऱ्यापर्यंत गाडी थांबली त ठीक," काकू म्हणाल्या. "नाही त झेंडू मोडतो अन् पुढच्या साली सोयाबीन पेरतो. बस झालं बाप्पा."

काकूंच्या शेतात सोयाबीन? माझं रक्त उसळलं. "काकू, आपले खासदार काय करतायत?"

"कोणते खासदार?"

बघा हं, इथेच मला शंका यायला हवी होती. पण मला काय वाटलं? अरेरे, या माउलीला आपला खासदारसुद्धा ठाऊक नाही. मग काय, बांधावर बसून मी तासच घेतला. महाराष्ट्राचे लोकसभेत अठ्ठेचाळीस खासदार, राज्यसभेत एकोणीस. अठ्ठेचाळीस मतदारसंघ नंदुरबारपासून हातकणंगल्यापर्यंत पाढ्यासारखे म्हणून दाखवले. कुठे म्हणून अडखळले नाही. काकू निंदता निंदता ऐकत होत्या.

"आता सांगा, आपला जिल्हा कोणता?"

"अमरावती."

"मग आपण कोणाकडे जायचं? अमरावतीच्या खासदारांकडे."

काकूंनी खुरपं खाली ठेवलं. माझ्याकडे नीट पाहिलं. मग हळूहळू त्यांच्या चेहऱ्यावर हसू पसरलं.

"तिकडे जाऊ म्हणतं तू?"

"तिकडेच."

"जमते," काकू म्हणाल्या. "तू शिकलेली आहेस. तुले समजते."

संध्याकाळी रशीदचाचांना बेत सांगितला. ते मांडीवर थाप मारून हसले. "बेटा, क्या दिमाग पाया है. अमरावतीले? सीधा उनकेच ऑफिस में? या अल्ला." मी लाजून म्हटलं, चाचा, हे तर नागरिकशास्त्राच्या पुस्तकातलंच आहे. त्यावर ते आणखी हसले.

बॅनरसाठी अकोल्याला मामांना फोन केला. मामांचं जठारपेठेत फ्लेक्स छापायचं दुकान आहे. मजकूर मीच लिहिला होता. 'आमचे खासदार, आमचा हक्क, आमचा थांबा.' वर अमरावतीच्या खासदारांचा हसरा फोटो.

"पोरी, 'आमचे' ठेवू का 'अमरावतीचे' ठेवू?" मामांनी विचारलं.

"'आमचे'च. लोकशाहीत आपलेपणा महत्त्वाचा, मामा."

"नाही, मी आपलं विचारून राहिलो. धामणगावच ना?"

"हो, धामणगाव."

"बरं बाप्पा. छापतो. छापलेलं वापस घेत नसतो मी."

आणि निघाला आमचा मोर्चा. दोन टेम्पो, पुढच्यात माणसं, मागच्यात झेंडू. फुलं शेतात सडतात तर खासदारांच्या दारात सडू द्या, ही माझी कल्पना. सडली मात्र नाहीत. काकूंनी पहाटेच तोडलेली होती, त्यामुळे ऑफिसात दसऱ्याच्या बाजारासारखा घमघमाट सुटला.

खासदारसाहेब बाहेर आले, हात जोडले. मी नमस्काराला उत्तरसुद्धा दिलं नाही. सरळ भाषण सुरू केलं. दिल्लीत शिकलेलं सगळं त्या भाषणात होतं. संविधान होतं, प्रतिनिधित्व होतं, उत्तरदायित्व तर तीनदा होतं.

"आम्ही तुम्हाला निवडून दिल्लीला पाठवलं," मी म्हटलं, "आणि तुम्हाला आमची एक गाडी धामणगावात थांबवता येत नाही? मग आमची मतं परत द्या."

मागून लोकांनी आवाज उचलला. "मतं परत द्या, मतं परत द्या." सगळ्यांत मोठा आवाज रशीदचाचांचा. वळून पाहिलं तर काकू पदराने डोळे पुसत होत्या. मला भरून आलं. म्हटलं, हाच तो लोकशाहीचा क्षण.

साहेबांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं. "ताई, बसा. गाव कोणतं म्हणाल्या?"

"धामणगाव रेल्वे. जिल्हा अमरावती." जिल्ह्यावर मी जरा जोरच दिला.

"जिल्हा अमरावतीच आहे. पण लोकसभेले धामणगाव वर्ध्यात येते. तुमचे खासदार वर्ध्याचे." मग अगदी दिलगिरीच्या सुरात म्हणाले, "तुमची मतं मले कधी भेटलीच नाही, ताई. वापस कुठून देऊ?"

मी मनातल्या मनात नंदुरबारपासून पाढा म्हणायला घेतला. आठव्या नंबरला वर्धा आलं, तिथेच थांबले. नाव पाठ होतं हो. आत कोणकोणती गावं येतात, ते पाढ्यात नव्हतं.

"तुम्ही स्वतः मत कुठं देता?" साहेबांनी सहज विचारलं.

"मी... अजून इथे नाव घातलेलं नाही."

आता मात्र माझ्या लोकांना हसू आवरेना. साहेब बिचारे हसले नाहीत. त्यांनी चहा सांगितला, आणि टोपलीकडे बघून म्हणाले, "हार आणलाच आहे त घालून टाका."

घातला. दुसरं काय करणार?

हार गळ्यात ठेवूनच त्यांनी वर्ध्याच्या खासदारांना फोन लावला. "अहो, तुमची मंडळी माह्या ऑफिसात बसली आहे. पुरा मोर्चा आहे. हार मलेच घातला. झेंडू मोठा ताजा आहे." पलीकडून काहीतरी आवाज आला आणि फोन माझ्या हातात.

"ताई, तुमच्या थांब्याचं पत्र मी देऊन बसलो आहो. मोर्चा माह्याकडे काहून नाही आणला?"

दिल्लीच्या वर्गात हा प्रश्न कधी आला नव्हता. मी म्हटलं, "साहेब, बॅनर आधीच छापून झाला होता."

दोन्हीकडचे खासदार एकदमच हसले.

पण पुढचं ऐका. एकाचं पत्र आधीच गेलेलं होतं. आता दुसऱ्यानेही दिलं. दिल्लीत दोघं मिळून रेल्वेच्या साहेबांना भेटले. एका थांब्यासाठी दोन-दोन खासदार, आणि त्यातल्या एकाचा तिथल्या मतांशी संबंधच नाही. असं काही त्या साहेबांनीही पाहिलं नसावं. दसऱ्याच्या आधी कागद आला. थांबा प्रायोगिक तत्त्वावर मंजूर.

त्या पहाटे अख्खं धामणगाव स्टेशनवर होतं. लांबून दिवा दिसला. नलूकाकू टोपलीचा काठ घट्ट धरून उभ्या. गाडीचा वेग काही कमी होईना. काकू पुटपुटल्या, "गेली वाटते." आणि मग तो आवाज आला, ब्रेकचा, करकरीत. त्याच्याइतकं गोड संगीत मी आजवर ऐकलेलं नाही. इंजिनाला झेंडूचा हार, चालकाला झेंडूचा हार. रशीदचाचांनी तर तिकीट तपासनिसालाही सोडलं नाही. टोपल्या चढल्या, काकू चढल्या, गाडी हलली. दारातून काकू ओरडल्या, "सोयाबीन गेलं चुलीत."

काकू परतल्यावर मी त्यांना गाठलं. "काकू, खरं सांगा. आपले खासदार वर्ध्याचे, हे तुम्हाला ठाऊक होतं?"

"गावातल्या कुत्र्याले बी ठाऊक आहे."

"मग मला सांगितलं का नाही?"

"आता हे पाह," काकू म्हणाल्या. "शेजारणीच्या घरी ताट घेऊन बसलं का आपल्या घरची माणसं धावत येतात वाढायले. आमाले वाटलं, पोट्टीनं मोठा डाव टाकला. दिल्लीले शिकून आली म्हणून सुचलं, नाही त आमाले सात जन्मात सुचलं नसतं. डावच होता नं?"

पाठीमागे रशीदचाचा कौतुकाने बघत होते. मी क्षणभर विचार केला. क्षणभरच.

"डावच होता," मी म्हटलं.

दुसऱ्या दिवशी गुपचूप जाऊन मतदार म्हणून नाव घातलं. आणि पुढचे काही दिवस काय थाटात गेले म्हणता. गावात कुठेही जा, चहाचे पैसे कोणी घेईना.

मग अकोल्याहून मामांचा फोन आला.

"पोरी, तुह्या डावाचा लय बोभाटा झाला. रिसोडचे लोक दुकानात येऊन बसले आहेत. त्यायच्या रस्त्याचं काम अडलं. विचारून राहिले, चुकून कोणत्या खासदाराकडे जावं, हे मॅडमले विचारून सांगा."

मी खुर्चीत ताठ बसले. रिसोड, म्हणजे जिल्हा वाशिम. म्हणजे त्यांचे खासदार यवतमाळ-वाशिमचे. चुकायचं तर शेजारी, म्हणजे अकोला. सोपं होतं.

"मामा, त्यांना अकोल्याच्या खासदारांकडे पाठवा. बिनधास्त."



"पोरी," मामा हळूच म्हणाले, "रिसोड लोकसभेले अकोल्यातच येते. ते त्यायचेच खासदार आहेत."

मग त्यांनी फोन बाजूला धरला, पण मला सगळं ऐकू आलं. "जा बाप्पा घरी. मॅडमले आता धड चुकता बी येत नाही."