घरी आलेली लढाई

युद्धाचा इतिहास लिहायला बसलं की तोफांपेक्षा किस्सेच जास्त गोळा होतात. पुस्तकात मावत नाहीत अन् टाकवतही नाहीत! माझी शाळा सातवीत सुटली, पुढचं माझं मी शिकले. परभणी जिल्ह्यातून लढाईवर गेलेल्यांचा इतिहास मी लिहिलाय, दुसऱ्या कुणी नाही. हे सांगायला मी लाजत नाही.

*

एका सेमिनारमध्ये प्राध्यापकानं विचारलं, "आजी, तुम्ही रणांगण पाहिलंय का कधी?"

"न्हाई. तुमी पानिपतात होता का?"

पुढच्या वर्षी बोलावणं आलं नाही.

*

पोखर्णीत एका जवानाचा फोटो भिंतीवर होता. स्टुडिओवाल्यानं छातीवर रंगानं पदकं काढलेली. मी त्याच्या म्हाताऱ्या वडलांना म्हटलं, "बाबा, हे तिसरं ज्या लढाईचं हाय, तवा तुमचं पोरगं जन्मलंबी नव्हतं."

म्हातारा म्हणाला, "वय कमी पडलं त्याला, बाई. एक पदक जादा राहू द्या."

तो फोटो मी छापला. खाली एक अक्षर लिहिलं नाही.

*

गंगाखेडजवळ एक रिटायर्ड हवालदार आहेत. ऊस स्वतःचा, पण उभ्या उसात पाय ठेवत नाहीत. पलीकडं कोण दबा धरून बसलंय दिसत नाही म्हणे! शेजारी हसतात. एक जण माझ्यासमोरच म्हणाला, "तात्या, दुश्मन कवाच गेला की!"

तात्या म्हणाले, "तुला सांगून गेला का?"

*

पिंगळीच्या निवृत्तीभाऊंचा पलटणीतला दोस्त एकाहत्तरच्या लढाईत कामी आला. त्याची बायको गयाबाई त्याच गावात. तिनं तेव्हा एकच विचारलं होतं, "शेवटी तोंडात पाणी कुणी घातलं?"

"मी घातलं," निवृत्तीभाऊ म्हणाले होते. तेव्हापासून दर दिवाळीला ती त्यांना ओवाळते.

मला मात्र त्यांनी खरं सांगितलं. "समोर उघड्यावर पडला व्हता, आक्का. पाणी मागायलाय, मागायलाय. गोळीबार चालू. म्या गेलो न्हाई."

मग हात जोडले. "लिवू नका. ती ओवाळायची बंद हुईल."

"कुणाच्या सोयीनं मी लिहीत नाही, भाऊ!" मी म्हटलं. म्हटलं खरं. पण ते पान काही हातून होईना.

*

यंदा निवृत्तीभाऊ शेवटच्या घटका मोजत होते. मी उशाशी बसले होते. लेकी-सुना एकेक करून चमच्यानं पाणी घालायला लागल्या. घोट घोट घेत होते. मग गयाबाई आली. तिनं चमचा पुढं केला अन् भाऊंनी दात घट्ट मिटले. पाणी गळ्यावर ओघळलं.

सून म्हणाली, "मामंजी, गयाकाकू हायती!"

त्यांनी तोंड भिंतीकडं फिरवलं.

मी गयाबाईला कधी एक शब्द सांगितला नव्हता. ती खाली वाकली, पदरानं त्यांचा गळा पुसला.

"भाऊजी, मला ठावं हाय. पयल्या दिवाळीपासून ठावं हाय. तोंड उघडा."

त्यांनी तोंड उघडलं.