मंजुरीची चौकट

माझ्या मुलीच्या देशाची राज्यघटना मी शत्रूच्या सेनापतीकडे मंजुरीला पाठवली.

देश खोटा होता. शाळेनं नववीच्या मुलांना दिलेला. युद्ध चालू आहे, राजधानीत परक्यांचं सैन्य ठाण मांडून बसलंय आणि लोकांचे प्रतिनिधी लपूनछपून घटना लिहितायत. ती घटना लिहायची आणि परीक्षकांपुढे मांडायची. त्यातून मस्कतच्या आंतरशालेय स्पर्धेसाठी तीन मुलं निवडणार होते. गेल्या वर्षी लेकीची संधी थोडक्यात हुकली होती. यंदा ती जेवतानाही कलमं पुटपुटायची.

कलमं तिनं एकटीनंच लिहिली. पण आमच्या हॉलमध्ये भारताच्या घटनेची उद्देशिका फ्रेम करून लावलेली, आणि मी मस्कतजवळ रुसैलच्या पाइप कारखान्यात अठरा वर्षं ड्राफ्ट्समन. मला राहवेना. "ड्राफ्टिंग हा आपला हातखंडा. आण, नीट टाइप करून देतो."

"बाबा, प्लीज, काही चेंज नका करू."

"एक कॉमा हलणार नाही."

नाहीच हलला. फक्त हाताच्या सवयीनं, कंपनीच्या ड्रॉइंगवर असतात तशा तीन चौकटी शेवटच्या पानाखाली पडल्या. तयार करणार: लेक. तपासणार: लोकप्रतिनिधी. मंजुरी देणार? इथे जरा अडलो. आमच्याकडे अर्बाबच्या, म्हणजे मालकाच्या, सहीशिवाय पाइपाचा तुकडा गेटबाहेर जात नाही. मग या देशाचा अर्बाब सध्या कोण? राजधानीत बसलाय तो! टाकला सेनापती. खलास.

गुरुवारी शाळेत लेक फाडफाड बोलली. परीक्षक बाई खूश. मग त्यांनी शेवटचं पान पाहिलं. "ज्यांना हाकलायचं, त्यांचीच सही? आणि त्यांनी नाही दिली तर?"

लेकीनं पान पाहिलं. मग पालकांच्या रांगेत मला शोधलं. मी पुढच्या गृहस्थांच्या टकलाआड.

तिनं बाईंचंच पेन मागून घेतलं, सेनापतीवर काट मारली आणि वर लिहिलं, ‘आम्ही लोक’.

निवड झाली. तिसऱ्या जागेवर का होईना, झाली. गाडीत बसल्यावर मला धीर आला. "चौकट होती म्हणून तर तुला काट मारता आली की नाही?"

उत्तर बायकोनं दिलं.

"अहो, त्या सेनापतीनं उगाच एवढं सैन्य आणलं. तुम्ही एकटे पुरला असतात."