झोपाळू मोहाचं गाव

ती घटना आजही आठवते, आणि आठवायला लागलो की आधी मोहफुलांचा वास येतो. चंद्रपूर-गडचिरोलीत नोकरी केलेल्या माणसाला हा वास समजावून सांगावा लागत नाही. होळीच्या पुढेमागे मोह गळायला लागला की सगळा मुलूख अर्धवट झोपेत असल्यासारखा होतो. पहाटेच दारांना कड्या लागतात, माणसं झाडांखाली जातात, आणि दुपारी अंगणाअंगणांत फुलं वाळत पडलेली असतात. ठाण्यातही त्या दिवसांत तक्रारी कमी येतात. भांडायला तरी माणूस घरी हवा ना.

मी तेव्हा आलापल्लीच्या बाजूच्या एका ठाण्याचा प्रभारी होतो. मूळचा वरोऱ्याकडचा, कापसाच्या उघड्या शिवारात वाढलेला. दोन्ही बाजूंनी साग मिटून आलेला आलापल्लीचा रस्ता मला सुरुवातीला मुळीच आवडला नाही. पुढे असा आवडला की बदलीचा अर्ज करायचा राहूनच गेला. इथे नाव मी कोणाचंच देत नाही. त्यातली बरीच माणसं अजून आहेत, त्यांना निवांत जगू द्यावं.

एका सकाळी हजेरी आटोपून चहा घेत होतो, तेव्हा आमचा खबऱ्या आला. याचं बाजारात झेरॉक्सचं दुकान. बातमी आणायचा ती निम्मी खरी आणि निम्मी स्वतःची.

"साहेब, एक बाई हाय. रोपवाटिकेत मजुरी करते. आधार कार्ड काढाले फिरून राह्यली. रहिवासी दाखल्याची झेरॉक्स काढाले आली, तर त्याच्यावरचा शिक्का बोगस."

"शिक्का बोगस आहे ते तुले कसं समजते रे?"

"दिवसभर तेच पाहून राह्यलो ना साहेब," तो म्हणाला, आणि आवाज उतरवून पुढे म्हणाला, "अन् बाई मधीमधी तेलुगू बोलते. गाव विचारलं तर सांगत नाई. मले काही बरोबर नाई वाटत."

आमच्या नक्षलग्रस्त भागात 'अनोळखी बाई' एवढं म्हटलं तरी वरपर्यंत फोन जातात. मी फोन केला नाही. आधी बाई तर पाहू, असं ठरवून स्टेशन डायरीला नोंद घेतली आणि महिला शिपायाला पाठवलं. ही शिपाई त्याच जंगलातली, माहेरची भाषा गोंडी. तिचा आवाज मोठा होता आणि मन त्याहून मोठं.

बाई आली. वय पस्तिशीचं असेल. बाकावर बसली ती थेट खिडकीबाहेर बघत. ठाण्यात आणलेला माणूस साधारणपणे एक तर रडतो, नाही तर फार बोलतो. ही यातलं काहीच करेना. बोगस दाखला मी टेबलावर ठेवला.

"हा कुठून आणला?"

"एक भाऊ कागद करून देतो म्हणला. मी घेतला. त्याच्यावर कोन्या गावाचं नाव हाय, मले वाचता नाई येत."

दाखले विकणारा तो दलाल आम्ही त्याच संध्याकाळी उचलला. त्याच्या पिशवीतून चार गावांचे शिक्के निघाले. तो भाग सोपा होता. अवघड होती ती ही बाई. ती सांगते ते खरं असेल तर ती फसवली गेलेली साक्षीदार, आणि खोटं असेल तर खोट्या कागदावर ओळख मिळवू पाहणारी आरोपी. मधली जागा कायद्यात नाही.

तिच्याजवळ कागद म्हणून काहीच नव्हतं. जन्माची नोंद नाही, शाळेचं तोंड पाहिलेलं नाही, कोणत्याही रेशनकार्डात नाव नाही. कार्ड तिला हवं होतं कारण तिच्या पोटात गाठ होती. चंद्रपूरच्या डॉक्टरांनी ऑपरेशन लवकर करा म्हणून सांगितलं होतं, आणि सरकारी योजनेत बसायचं तर ओळखीचा पुरावा लागत होता. हे सांगतानाही तिचा आवाज दुसऱ्या कोणाविषयी बोलावं तसा होता. मला त्याचाच जास्त त्रास झाला.

मग तिने सांगितलं ते असं. लहान असताना ती आईबरोबर नदीपलीकडे, तेलंगणात मिरची तोडायला गेली होती. काम संपल्यावर मजूर परत निघाले. सगळीकडे ट्रॅक्टर, सगळीकडे पोती. ती एका ट्रॅक्टरमध्ये मिरचीच्या पोत्यांवर झोपली. जागी झाली तेव्हा भोवती एकही ओळखीचं माणूस नव्हतं. एका म्हातारीने तिला वाढवलं, तिकडेच लग्न लावून दिलं. नवरा वारला, सासरी कोणी ठेवून घेईना, तेव्हा ती नदी ओलांडून इकडे आली आणि मजुरी करता करता इकडची बोली शिकली. गावाचं नाव तिला कधी ठाऊकच नव्हतं.

"त्या वयाचं लेकरू गावाले गावच म्हणते साहेब," शिपाई म्हणाली.

"काहीतरी आठवत असेल ना, बाई?" मी विचारलं.

"झाड आठवते. आमचा मोह. त्याच्या बुडाशी पोकळी हाय. माय मले त्याच्यात बसवे अन् फुलं वेचे. मले ते अजून सपनात दिसते. पण सपनात माय पाठमोरी रायते. तोंड नाई दिसत."

शिपाई तिच्याशेजारी जाऊन बसली आणि गोंडीत काहीतरी बोलली. मला वाटलं, हिला कुठलं आता ते कळायला. पण बाईचे ओठ हलले. एक शब्द आला, थोड्या वेळाने दुसरा, आणि मग खिडकीबाहेर बघत बघत ती बोलतच राहिली. आपली भाषा बदलली आहे हे तिला समजलं सुद्धा नाही. मी लेखणी खाली ठेवली. त्या दुपारी ठाण्यात पंखा तेवढा वाजत होता, आणि हवालदारांसकट आम्ही सगळे, एक अक्षर न कळता, ऐकत बसलो होतो.

"साहेब, झाडाचं नाव सांगून राह्यली," शिपाईने मान वर केली. "मराठीत म्हणा झोपाळू. बाकीच्या मोहाची फुलं उजाडाच्या आत गळतात, याची ऊन वर आल्यावर."

जंगलातल्या मोहांना मालक असतात, हे मला माहीत होतं. कोणतं झाड कोणत्या घराचं, हे गावात पक्कं ठरलेलं असतं. पण झाडांना नावं असतात आणि ती माणसांच्या नावांसारखी तोंडातोंडी फिरतात, हे नवीन होतं. आठवडी बाजाराच्या दिवशी शिपाई साध्या साडीत मोह विकायला आलेल्या बायकांमध्ये जाऊन बसली. गुप्त तपास म्हणून तिला पाठवलं होतं, पण तिने सरळ ओरडूनच विचारलं, "उशिरा गळणारा, पोकळीचा मोह कोनाच्या गावी हाय वो?" मी कपाळाला हात लावला. संध्याकाळपर्यंत गाव सापडलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही जीपने निघालो. पुढे रस्ता संपला, पायवाट लागली. पानगळ झालेल्या जंगलात कोवळं ऊन खालपर्यंत उतरलं होतं, आणि झाडाझाडाखाली माणसं वाकून वेचत होती. कोणी मान वर करून पाहिलं नाही. आम्ही जणू तिथे नव्हतोच. बाई आधी आमच्या मागे चालत होती, मग बरोबरीने, मग पुढे. एका वळणावर ती वाट सोडून उजवीकडे वळली.

तो मोह तिथे होता. बुडाशी पोकळी होती. इतर झाडांखालची बहुतेक फुलं वेचून झाली होती आणि इथे आत्ता कुठे टप टप सुरू झालं होतं. खाली एक म्हातारी टोपली घेऊन बसली होती, आमच्याकडे पाठ करून.

शिपाईने सगळं समजावून सांगितलं. म्हातारी उठली, तिने बाईकडे निरखून पाहिलं आणि मान हलवली. नाही.

"काय म्हणते?"

"म्हणते, माही पोरगी नदीत वाहून मेली. तिचा दगड केला हाय."

तिने तो आम्हाला दाखवला. गावाच्या कडेला, मेलेल्यांसाठी उभे केलेले दगड होते, त्यांत एक लहान. मिरचीच्या कामावरून परतताना पोरगी सापडली नाही, तेव्हा नदीच्या घाटावर सगळ्यांनी ती बुडाली असं धरलं. वर्षभराने आईने कोंबडा-तांदूळ देऊन दगड उभा केला, तिला देवांत पोचवलं. दर सणाला पहिला घास तिथे ठेवला. "आता ही जिती असन," म्हातारी शिपाईकडून मला विचारत होती, "तर इतकी वर्सं मी कोनाले खाऊ घातलं?"

मी नोकरीत पुष्कळ प्रश्न ऐकले. याला कलम नव्हतं. पोलीस पाटील आले, गावाचा पुजारी आला, चार माणसं जमली. दगड उभा असलेलं माणूस घरात घेता येत नाही, असं एकाचं म्हणणं. कोणी आवाज चढवला नाही, पण कोणी हलतही नव्हतं. म्हातारीचा अंगठा आणि 'ही माझी' एवढे शब्द मिळाले नसते, तर त्या बाईचं कार्ड तिथेच संपलं असतं, आणि कदाचित तीही. मला राग येत होता, आणि राग धरायला माणूस सापडत नव्हता.

बाईला हे सगळं समजत होतं की नाही, कोण जाणे. ती परत झाडाखाली जाऊन फुलं वेचायला लागली होती. ओटीत टाकत, सरकत सरकत ती पलीकडे गेली, शेजारच्या मोहाच्या सावलीत.

एकदम म्हातारी ओरडली. चांगलीच खेकसली. बाई दचकून मागे सरली आणि हातातली फुलं तिने जमिनीवर टाकली. मला वाटलं, झालं, आता हाकलणार. पण आमची शिपाई तोंडावर हात धरून हसत होती, आणि तिचे डोळे भरले होते.

"साहेब, म्हणते, तिकडची फुलं उचलू नको, त्या झाडाची मालकीन भांडन. लहान होती तवाही अशीच करत होती म्हणते."

म्हातारीला स्वतःचे शब्द उशिरा ऐकू आले असावेत. ती टोपलीशेजारी खाली बसली. बाई हळूहळू जवळ आली. दोघी एकमेकींकडे न बघता बराच वेळ शेजारी बसल्या, आणि वरून फुलं पडत राहिली. मी टोपी काढून उगाच पुसत होतो.

दगडाचा निवाडा म्हातारीनेच केला. त्या साली मिरचीच्या कामावर त्यांच्याबरोबरची एक एकटी बाई तापाने मेली होती. तिला दगड करणारं कोणी नव्हतं. "हा तिचा," म्हातारी म्हणाली. पुजाऱ्याने विचार केला, मग दगडाला पाणी घातलं आणि त्या मेलेल्या बाईचं नाव घेतलं. पंचांसमक्ष मी म्हातारीचा जबाब तिथेच झाडाखाली लिहून घेतला.

आधार केंद्रावर नातं पटवायला म्हातारीचे अंगठे हवे होते, ते उमटेनात. जन्मभर वेचून, खणून रेषाच उरल्या नव्हत्या. शेवटी यंत्राने डोळ्यांची बुबुळं पाहिली आणि तिची ओळख पटली. चौकशीचे सोपस्कार झाले, कार्ड निघालं, दलालाच्या खटल्यात बाईने साक्ष दिली.

ऑपरेशनच्या दिवशी मी चंद्रपूरला दुसऱ्या कामाने गेलो होतो, म्हणून दवाखान्यात डोकावलो. खोटं कशाला बोलू, काम दुसरं नव्हतंच. म्हातारी बाहेर भिंतीला टेकून बसली होती. आम्ही पोलीस आयुष्यभर माणसांना एकच विचारतो, तू कोण? त्या केसने मला शिकवलं की पुष्कळांना याचं उत्तर एकट्याने देता येत नाही. ते द्यायला दुसरं माणूस उभं राहावं लागतं. तसं माणूस शोधून देणं हाही तपासच आहे, असं मी पुढे नव्या पोरांना सांगत आलो.

दार उघडलं. नर्स बाहेर येऊन मोठ्याने म्हणाली, "पेशंटचं कोण आहे?"

म्हातारीला मराठी फारसं येत नव्हतं. पण ती उठून उभी राहिली.