मास्तर माझ्याकडे का कुरकुरत नाहीत?

पडदे शिवायच्या आमच्या कारखान्यात कापड बेतणाऱ्याला मास्तर म्हणतात. आमच्या मास्तरांना मात्र सगळे कुरकुरमास्तर म्हणत, तेही तोंडावर, आणि ते ओ देत. काहीही बदललं की त्यांची टकळी सुरू. टेबल खिडकीपाशी सरकवलं तर ऊन डोळ्यांवर येतं. परत आत नेलं तर अंधारात डोळे जातात.

नव्या मॅडम व्यवस्थापक म्हणून आल्या तेव्हा सगळ्यांना वाटलं, आता बाईंचे कान किटणार. झालं उलटंच.

"नवी कात्री कशी आहे, मास्तर?"

"छान आहे, मॅडम."

मॅडमची पाठ वळली की स्वारी इस्त्रीवाल्या मावशीकडे. "कात्री आहे की अडकित्ता?" मावशीही हातातलं काम टाकून ऐकणार.

काचेच्या दारामागून मॅडम हे बघत आणि त्यांचा जळफळाट होई. माणूस आपल्यामागे बोलतो याचं त्यांना काही नव्हतं. आपल्याशी बोलत नाही, याचं होतं. आधीच्या साहेबांपुढे म्हणे मास्तर तासन्‌तास कुरकुरत. मग आपल्यातच काय कमी आहे? मावशी तर त्यांना सवतच वाटू लागली.

शेवटी मॅडमनी मुद्दाम बदल सुरू केले. खडूचा डबा उंच फळीवर ठेवला. मास्तर टाचा उंचावून खडू काढत, "छान आहे, मॅडम" म्हणत, आणि थेट मावशीकडे जात. घरी नवऱ्यानं भाजीला छान म्हटलं, तरी मॅडम त्याच्या अंगावर जायला लागल्या.

आणि एके दुपारी मास्तर दारात उभे. "मालकांना भेटायला चाललोय. जुने साहेब दुसऱ्या कारखान्यात आहेत ना, तिकडे बदली मागतो."

मास्तर गेले तर निम्मं काम ठप्प होणार, हे मॅडमना ठाऊक होतं. पण तोंडून निघालं भलतंच.

"मावशीला सांगितलंत?"

"हो, सकाळीच."

"तिला आधी! मला कधी एक तक्रार तरी सांगितलीत का हो?"

"सांगितली होती की! तुम्ही आलात तेव्हाच. दिवा फडफडतो म्हणालो, तर तुम्ही लगेच बदलून टाकलात. संपलं! पुढं काय बोलायचं माणसानं? साहेब कसे, सगळं ऐकायचे, मान हलवायचे आणि काडीचंही करायचे नाहीत. त्या एका दिव्यावर आम्ही किती वर्षं बोललो!"

मॅडमनी स्टूल पुढे ओढलं. "बसा. शप्पथ, मी काहीही करणार नाही."

मास्तर घुटमळले. "मालक वाट बघत असतील."

"बघू देत."

"नाही म्हणजे... तो खडूचा डबा कुठल्या शहाण्यानं वर ठेवलाय?"

"मीच."

"काय म्हणावं तुम्हाला!" म्हणत मास्तर ऐसपैस बसले.

मालकांचा निरोप आला आणि तसाच परत गेला. मास्तर अजून कात्रीपर्यंतही पोचले नव्हते. पलीकडे मावशीची नजर काचेच्या दाराला चिकटलेली आणि इस्त्री पडद्याला.

"मावशी, जळतंय!" कुणीतरी ओरडलं.

"मी कशाला जळू?" मावशी फणकारली.