दादाच्या मापाचे शर्ट

वहिनीची आठवण काढायची म्हटलं की मला आधी तिची दोन बोटं दिसतात. अंगठा आणि त्याच्या शेजारचं. समोर कुणीही आलं, पाहुणा असो, भाडं मागायला आलेली घरमालकीण असो, वहिनी आधी त्याची बाही नाहीतर पदर चिमटीत धरायची आणि हळूच चोळून बघायची. माणसाचं बोलणं नंतर. "हे मिलमधून भाजून आलंय," किंवा "हे कच्चं आहे, याला गरम पाणी दाखवू नका," असा निकाल लागला की मग "बसा" म्हणायची. काहीजणांना राग यायचा. घरमालकीण बेन तर लांबूनच पदर सावरून घ्यायची आणि हसून आमच्या मायला म्हणायची, "तारी वहुने आघी राख," म्हणजे तुझ्या सुनेला लांब ठेव.

आम्ही तेव्हा सुरतेच्या डिंडोलीत राहायचो. दादा कापडाच्या लूमवर कामाला होता. घरात माय, दादा, वहिनी आणि मी. वडील खानदेशातच वारले होते, दादाने आम्हाला सुरतेला आणलं. लूमचा आवाज दिवसरात्र चालायचा, इतका की सुट्टीच्या दिवशी तो बंद झाला की आम्हाला चुकल्याचुकल्यासारखं व्हायचं. लूमवरून उतरलेल्या कोऱ्या कापडाला तिथे 'ग्रे' म्हणतात. ते पुढे पलसाण्याकडच्या मिलमध्ये जातं, रंगतं, तापतं, आणि मग दुकानात येतं. पण डागी, तुटक्या धाग्याचा तुकडा कामगारांना स्वस्तात मिळायचा, आणि आमच्या गल्लीतले सगळे पुरुष त्याच मळकट पांढऱ्या पॉलिएस्टरचे शर्ट शिवून घालायचे. ते कापड मिलमध्ये गेलेलंच नाही, ते अजून कच्चं आहे, हे कुणाच्या डोक्यातही यायचं नाही.

वहिनी नवी नवरी होती तेव्हाची गोष्ट. दादाच्या नव्या शर्टाला मशीनच्या तेलाचा वास येत होता म्हणून तिने तो सोड्याच्या पाण्यात चांगला उकळला. बाहेर काढला तर माझ्या मापाचा झालेला. मायने डोक्याला हात लावला. "काय व, नवऱ्याचा शर्ट रांधलास का?" दुसरी एखादी रडली असती. वहिनी तो शर्ट उजेडात धरून उलटा-सुलटा करत राहिली. दुसऱ्या दिवशी तिने चिंध्या गोळा केल्या आणि भगोण्यात घालून एकेक उकळून पाहिल्या.

तिथून ती सुरू झाली. मोठ्या भावाची पँट धाकट्याला, सासऱ्याचा शर्ट जावयाला, गल्लीतल्या बायका कपडे घेऊन यायच्या. स्टोव्हवर भगोणं, हातात धोपटणं, आणि वहिनी वाफेत उभी. हे कापड उभ्यात जास्त आटतं आणि आडव्यात कमी, हे तिला लवकरच कळलं. म्हणून ती आधी शिलाई उसवून खालची दुमड मोकळी करायची, आणि ओला शर्ट दोन्ही हातांनी खाली ओढून वाळत घालायची. मुलं तिला उकळीवहिनी म्हणायची. तिला ते आवडायचं.

समोरच्या खोलीतले निंबाकाका गावी निघाले होते. गावात रुबाब दिसावा म्हणून त्यांना शर्ट अंगाला चिकटणारा हवा होता. वहिनीने थोडाच आटवून दिला. काकांचं समाधान होईना. घरी जाऊन त्यांनी स्वतःच परत उकळला आणि ओलाच अंगात घातला. मग तो निघेना. दोन माणसांनी हात वर धरून तो सालासारखा सोलून काढला. वहिनी हसून हसून भिंतीला टेकली. म्हणाली, "काका, घाई माणसाला असते. कापड आपल्या वेळेनं येतं."

घाई खरं तर तिलाच होती. ती बसलेली मला आठवत नाही. उभ्याने जेवायची, बोलता बोलता दाराशी जाऊन यायची, भगोण्यावरचं झाकण सारखं उघडायची. रात्री अंथरुणातून उठून दोरीवरचे कपडे चाचपून यायची. माय म्हणायची, "हिच्या पायात भिंगरी बांधलीय." मी मात्र तिच्याकडे बघून हसायचे. मला वाटायचं, किती साधी बाई आहे, हिला एका भगोण्यात सगळं जग पुरतं.

मग माझं लग्न ठरलं. मुलगा कडोदऱ्याचा, प्रोसेस हाऊसमध्ये, म्हणजे कापड रंगवायच्या मिलमध्ये कामाला, घर स्वतःचं. आमच्यासारख्यांना असं स्थळ मिळत नाही, हे माय उठता-बसता सांगायची. प्लेगचं वर्ष नुकतंच होऊन गेलं होतं. तेव्हा अर्धं सुरत पळालं होतं, आणि ती भीती लोकांच्या मनातून गेली नव्हती. रिक्षात कुणी खोकलं तरी शेजारचा तोंडावर रुमाल धरायचा. आणि त्या हिवाळ्यात दादाला खोकला लागला.

दादाचं बारीक होणं आमच्यापैकी कुणालाच दिसलं नाही. रोज बघणाऱ्याला दिसत नाही. वहिनीच्या बोटांना ते कळलं. एका सकाळी नळावर पाणी भरताना ती माझ्याजवळ आली आणि हलक्या आवाजात म्हणाली, "ताई, तुझ्या दादाचा शर्ट पाठीवर माझ्या मुठीत येतो. दिवाळीला चिमटीतही येत नव्हता. संध्याकाळी अंगही तापतं. मी त्यांना सिव्हिलला घेऊन जाते, फोटो काढू छातीचा."

मी तेव्हा एकोणीस वर्षांची होते. हे वय मी इतकी वर्षं स्वतःला सांगत आले. आज सांगणार नाही. मला सगळं कळत होतं. सिव्हिलच्या रांगेत डिंडोलीची चार माणसं भेटणार, बातमी कडोदऱ्याला पोहोचणार, आणि नवरीच्या घरात छातीचा रोग आहे म्हटल्यावर सुपारी परत येणार. मी तिला म्हटलं, "माझं लग्न होईपर्यंत थांब ना, वहिनी. कुणाला दिसलं नाही म्हणजे झालं. तुला शर्ट आटवता येतात ना? मग आटव."

तिची कळशी भरून वाहत होती. मग तिने कळशी उचलली आणि घरात गेली. त्या दुपारी स्टोव्हवर दादाचा शर्ट होता.

शिवून का कमी केले नाहीत, असं कुणीही विचारेल. टीप मारली तर टीप दिसते, आणि माय कपड्यांची घडी घालताना शिवणीवरून बोट फिरवायची. शिवाय खांदा टिपेने आत येत नाही. आटलेला शर्ट मात्र सगळीकडून लहान होतो आणि कुणावर आळ येत नाही. वहिनी शर्ट थोडेथोडे आटवायची, एकदम नाही, दादा जसा उतरत गेला तसे. बाहेरून बघणाऱ्याला दादा होता तसाच होता. लूमवरच्या मास्तरला तसाच दिसला, मायला तसाच दिसला.

दादालाही. हे मला सगळ्यात जास्त बोचतं. वहिनी जेवताना त्याला म्हणायची, "थोडं अजून घ्या, उतरलात." तो छातीवर थाप मारून म्हणायचा, "कुठं उतरलो? शर्ट बघ की. अंगाला बसलाय." वहिनी तेव्हा ताट तसंच ठेवून बाहेर जायची. दारात उभी राहून दोरीवरचं कापड उगाच सरळ करत राहायची. आणि मी एकटी सापडले की विचारायची, "आता सांगू?" मी म्हणायचे, "थांब ना." पुढे पुढे ती नुसती बघायची, मी नुसती मान हलवायचे.

आमच्यात लग्नात कानपिळी असते. नवरीचा भाऊ नवऱ्याचा कान पिळतो आणि नवऱ्याकडचे त्याला कपडे चढवतात. माझ्या सासरच्यांनी हौसेने सफारी शिवायची ठरवली आणि मापाला शर्ट मागवला. मायने पेटीच्या तळाचा, दादाचा जुना, चांगला राहिलेला शर्ट काढून दिला. कधीच न उकळलेला. वहिनी तेव्हा पाण्याच्या टँकरवर गेली होती. आल्यावर तिला कळलं. त्या दिवशी भाजीत तिने मीठ घातलंच नाही.

सफारी बस्त्याबरोबर आली. राखाडी रंगाची, माझ्या होणाऱ्या नवऱ्याच्याच मिलच्या कापडाची. वहिनीने चिमटीत धरून बघितलं आणि तिचा चेहरा पडला. तरी माय पत्रिका वाटायला बाहेर पडल्याबरोबर तिने स्टोव्ह पेटवला. मी हळदीच्या तयारीत होते, मला नुसता पंपाचा आवाज येत होता. उकळलं, काढलं, परत उकळलं. ओलं फडकं घालून कोळशाची इस्त्री फिरवली. बाहीच्या आतल्या बाजूला कापड चकाकायला लागलं, तेव्हा तिने हात थांबवला. ओली सफारी दोन्ही हातांवर घेऊन ती माझ्यापुढे येऊन उभी राहिली. खाली पाणी ठिबकत होतं.

"हे मिलमध्ये आधीच आग बघून आलंय," ती म्हणाली. "याला आता पाण्याचं भय नाही. ताई, आता तरी सांगू दे."

"परवा तर लग्न आहे," मी म्हटलं.

मांडवात दादाने आत दोन बनियन आणि एक शर्ट घातला होता. वैशाखाचं ऊन. त्याने नवऱ्याचा कान पिळला, लोक हसले, आणि सफारीचा कोट त्याच्या अंगावर चढवला गेला. खांदे कोपराकडे उतरले. माझे चुलतसासरे मोठ्याने म्हणाले, "अहो, माप तर तुमच्याच घरून आलं होतं. माणूस दुसराच आणला का काय?" पुन्हा हशा झाला. दादाही हसला आणि हसता हसता खोकायला लागला. माय त्याच्या मागे उभी होती. मी मुंडावळ्यांतून बघितलं, तिने पाठीवरचं कापड मुठीत धरलं, मग दुसऱ्या हाताने आणखी धरलं. ती हसत नव्हती.

माझी पाठवणी झाली त्या संध्याकाळी दादाच्या तोंडातून रक्त पडलं.

दादा वाचला. औषध लागू पडलं, पण उशीर झाला होता. एक फुप्फुस निकामी झालं होतं. लूमवर उभं राहायची ताकद परत आली नाही. पुढे वहिनीने साड्यांना लेस लावायचं काम घरी आणलं आणि घर तिने चालवलं. भगोण्यात पुन्हा फक्त भात शिजला.

लग्नानंतर मी पहिल्यांदा माहेरी आले तेव्हा गल्लीतल्या बायका जमल्या होत्या. माय सगळ्यांसमोर वहिनीकडे बोट दाखवून म्हणाली, "हिला ठाऊक होतं. हिनं शर्ट आटवले आणि माझा पोरगा वाळवला. मला कळू दिलं नाही." मी दारात उभी होते. हातात हिरवा चुडा, अंगावर नवी साडी. एक वाक्य बोलायचं होतं. माझ्याबरोबर माझी नणंद आली होती, ती ऐकत होती. वहिनी म्हणाली, "हो माय. माझंच चुकलं." मग ती माझ्याकडे आली, माझा पदर चिमटीत धरला, चोळला. "कापड चांगलं दिलंय त्यांनी," म्हणाली. "धुताना गरम पाणी घालू नकोस." आणि माझ्यासाठी चहा ठेवायला आत गेली.

माय शेवटपर्यंत तिला "ती आटवणारी" म्हणाली. मी प्रत्येक दिवाळीला जायचे, वहिनीला साडी न्यायचे, आणि एकदाही बोलले नाही. तिनेही विषय काढला नाही. एकदाच, माय गेल्यानंतर, मी "वहिनी, तेव्हा" एवढंच म्हटलं, तर ती उठून दोरीकडे गेली. "पाऊस येईल," म्हणाली. आभाळ स्वच्छ होतं.

गेल्या वर्षी वहिनी गेली. ताप आला आणि गेली, कुणाला धावपळसुद्धा करू दिली नाही. तिचे दिवस झाल्यावर दादा आणि मी तिची पेटी आवरायला बसलो. तळाशी ती सफारी निघाली, डांबरगोळ्या घालून नीट ठेवलेली. दादाने अंगात घालून बघितली. रंग तसाच होता, माप तसंच होतं, खांदे अजून खाली उतरत होते. मला तिथे बसवेना. मी सांगून टाकलं. नळावरचं, कळशीचं, "मग आटव" म्हटलेलं, सगळं.

दादाने बराच वेळ कोट काढला नाही. मग म्हणाला, "मी दवाखान्यात असताना तिला विचारलं होतं, तुला हे कुणी सुचवलं? म्हणाली, मला कुणी सुचवायला लागतं का?"

त्याने एकेक बटण काढलं, सफारीची घडी घातली आणि माझ्या मांडीवर ठेवली.

"ही तू घेऊन जा," म्हणाला. "ही काही आटायची नाही."

मी ती कडोदऱ्याला घेऊन आले आणि कपाटात माझ्या साड्यांखाली ठेवली. काल कपाट आवरताना यांच्या हाताला लागली. "ही कुणाची?" यांनी विचारलं, कापड ओळखीचं वाटलं असावं. पूर्वी मी म्हटलं असतं, राहू द्या, जुनं काहीतरी आहे. मी गॅस बंद केला, यांना बसा म्हटलं, आणि नळावरच्या त्या सकाळपासून सांगायला सुरुवात केली.